उत्तर चौकीची धोकावही

इल्सावेन, तू नवी आहेस, म्हणून आधी वहीबद्दल.
पहिली चाळीस पानं ओरूमच्या अक्षरात.
त्याला धुक्याने नेलं तेव्हा शाई ओली होती,
म्हणून ‘धुकं’ या नोंदीला क्रियापद नाही.
तू घालू नकोस. मी एकदा घातलं होतं.
सकाळी दार उघडलं तर उंबऱ्याशी धुकं उभं,
वाक्य पुरं करायला बोलावल्यासारखं.

वाट.
तिसऱ्या मैलाच्या दगडापुढे, मिठाच्या दलदलीत.
इथे वाट लागते. हसू नकोस, खरंच लागते,
टाचेला, गोचिडीसारखी.
मीठवाला द्रोव बारा वर्षं घराबाहेर पडला नाही
तरी चुलीपासून खाटेपर्यंत त्याच्यामागे वाट,
आणि तिच्यावर रात्रभर परक्यांची खेचरं.
बायको म्हणे, निदान जकात तरी घ्या.
उपाय: अनवाणी चालणे. श्रेणी: मध्यम.

तळं.
इथे कुणी कुणाला पाण्यात पाहू नये.
ज्याला पाहिलं, तो तिथेच राहतो.
केर्ना आणि हुल्दे, एका घरच्या दोघी जावा,
एका तव्यावरून भांडून काठाशी आल्या,
दोघींनी एकाच क्षणी पाहिलं.
तवा अजून काठावर आहे. गंजत नाही.
उपाय: (ओरूमने काहीतरी लिहून खोडलंय.)

यापुढचे किरकोळ. यांच्यासाठी मला उठवायची गरज नव्हती,
तुलाही कुणी उठवू नये:
भिंतीतले बोलके खिळे.
दुसऱ्या चंद्राच्या अमावास्येला उसनी सावली मागणारी पोरं
(द्या, पण डोक्याकडची देऊ नका).
आंबलेला वारा.
विहिरीतून वर येणारी दुसऱ्या कुणाची तहान:
ती पाण्याने भागत नाही, गप्पांनी भागते,
तासभर बस, निघून जाते बिचारी.
आणि एक करडा पक्षी. तो धोका आहे की नाही
यावर ओरूमची आणि माझी अठ्ठावीस पानं गेली.
आता वाटतं, नुसता पक्षी होता.

शब्दखडक.
ही नोंद मी तीनदा लिहिली.
आधी श्रेणी ‘सौम्य’ लिहिली होती, ती खोडतो.
या खडकाला टेकून कुणाला शब्द देऊ नये.
दिला, की गेला. तोंडातून, कानातून, कागदावरून.
मी तरुण होतो, थामरे मला चौकीपर्यंत सोडायला आली होती,
पाय दुखले म्हणून टेकलो दोघं.
मी म्हणालो,
दोन हिवाळे संपले की मी          येईन.

ती जागा मी मुद्दाम सोडलेली नाही.

तिची पत्रं येत. वर्षाला तीन, पुढे एक.
प्रत्येकात कुठेतरी असाच कोरा तुकडा,
त्याच्या आधी ‘कधी’, त्याच्या नंतर ‘येणार’.
येणं मला कळतं. माणसं नव्या ठिकाणी येतात.
पण जिथे आपली थाळी आहे, जिथलं कुत्रं ओळखतं,
तिथे जाण्याला काही वेगळा शब्द असावा,
एवढं मला त्या कोऱ्या तुकड्याच्या लांबीवरून समजलं.
मी उत्तरात हवामान कळवायचो.
एकतीस हिवाळे झाले.

उपायाचा रकाना रिकामा ठेवतोय.
तुला तो शब्द येत असणार; इथे लिहू नकोस,
माझ्यासाठी ते पान नुसतं पांढरं होईल.

उद्या पहाटे मिठाची गाडी दक्षिणेला जाते.
थामरे आहे की नाही, ठाऊक नाही. शेवटचं पत्र जुनं आहे.
मी गाडीत बसेन, एवढं मला जमतं.
गाडीवान विचारेल, म्हातारबा, निघालात कुठे?
तेव्हा तू पुढे हो,
आणि मी काय करायला चाललोय ते
त्याला तुझ्या तोंडाने सांग.

किल्ली तिसऱ्या खिळ्यावर आहे.
तो फारसा बोलत नाही.